बियाणाची मूठ

आमच्याकडं माणूस गेलं की त्या घराला कुणी एकटं सोडत नाही. चूल पेटवायची नसते, म्हणून भावकीतून, शेजारून भाकरी-पिठलं येतं. त्याला कडू घास म्हणतात. आपण नको नको म्हणत असतो, तरी कुणीतरी जाणती बाई तुकडा मोडून हातात देते आणि तो पोटात गेल्याशिवाय समोरून उठत नाही. तिसऱ्या दिवशी राख सावडायची, दहाव्याला पिंड, तेराव्याला गोडाचं जेवण, मग वर्षश्राद्ध. रडायच्यासुद्धा वेळा असतात. लांबच्या गावाहून एखादी बाई आली की वेशीपासूनच तिचा आवाज चढतो. घरातल्या बायका तिच्या गळ्यात पडतात. रडता रडता गेलेल्या माणसाचे गुण निघतात, जुनी देणीघेणी निघतात, आणि पाच-दहा मिनिटांनी तीच बाई पदरानं डोळे पुसून विचारते, "समद्यांचा च्या झाला का गं?"

माझ्या सोलापूरच्या सोबत्यांना हे सगळं नाटकी वाटतं. मला कधी वाटलं नाही. आई गेली तेव्हा तर नाहीच.

आई 2017 च्या माघात गेली. त्रेसष्ट वर्षांची होती. आप्पा पाच वर्षं आधीच गेले होते. दिवसभर रानात होती, संध्याकाळी येऊन तिनं भाकऱ्या थापल्या, जेवली, आणि रात्री छातीत कळ आली म्हणाली. धाकट्या भावानं जीपगाडी काढली, पण मंगळवेढ्यापर्यंत पोचायच्या आतच संपलं. मी सोलापुराहून पहाटे पोचलो. ओसरीवर बायका बसल्या होत्या. कोपऱ्यात तिचं खुरपं होतं, त्याला आदल्या दिवसाची काळी माती तशीच चिकटलेली होती.

ती माती सहजासहजी सुटत नाही. मंगळवेढ्याची काळी म्हणतात तिला. पावसात चालायला लागलं तर पायाला शेर-शेर चिकटते आणि उन्हाळ्यात अशी फाटते की भेगेत शेळीचं करडू अडकावं. ह्या मातीत पाणी न देता ज्वारी येते. हस्ताचा पाऊस पडला की पेरायचं. मग पुढं आभाळाकडं बघायचं कारण नाही. मातीच्या पोटात ओल असते, वरून थंडीतलं दव असतं. कोळपं फिरवून भेगा बुजवत राहायचं, म्हणजे ओल उडत नाही. पुसात हुरडा होतो आणि माघात दाणे मोत्यासारखे टपोरे होतात. आमच्या भागातल्या ह्या मालदांडी ज्वारीला 2016 साली भौगोलिक मानांकन मिळालं. भावानं पेपरातलं ते कात्रण आईला वाचून दाखवलं होतं. तिनं विचारलं, "म्हंजी काय मिळालं?" तो म्हणाला, "नाव मिळालं." आई म्हणाली, "नाव व्हतंच की तिला."

पेरणीला चाड्यावर मूठ धरायची ती आईनंच. तिफणीच्या मागं चालत, मुठीतून दाणे सारखे सोडत जायचं. दाट पडलं तर ताटं बारीक होतात, विरळ पडलं तर रान वाया जातं. औत हाकणारे आप्पा पुढं, ती मागं. आप्पा मागं वळून बघायचे नाहीत. तिच्या मुठीवर त्यांचा भरवसा होता. पुढं ट्रॅक्टर आला, पेरणी यंत्र आलं, आणि चाडं माळ्यावर गेलं. तरी बियाणं मात्र आईनं दुसऱ्या कुणाच्या हाती दिलं नाही.

आमच्या आसपासच्या बऱ्याच घरांनी पिशवीतलं बी आणायला सुरुवात केली होती. हायब्रीड ज्वारी तर साठ-सत्तरच्या सालापासूनच आलेली. आईचं त्याच्याशी वैर नव्हतं. "ती बी ज्वारीच हाय," म्हणायची. पण आपलं बी आपण धरायचं, हे तिचं ठरलेलं. माघ लागला, कणसं पिवळसर झाली की ती एक जुनं लुगडं घ्यायची, त्याच्या बोटभर रुंदीच्या चिंध्या फाडायची आणि त्या ओट्यात घेऊन उभ्या रानात शिरायची. दोन-तीन दिवस हे काम चालायचं. एकेका ताटापुढं थांबायची. कणीस गच्च आहे का, दाणा पांढरा आहे का, काणी तर नाही ना, ताट वाऱ्यानं लवलेलं नाही ना, खालचं पान हिरवं आहे का. सगळं पटलं तर कमरेइतक्या उंचीवर ताटाला एक चिंधी बांधायची. कडेची ताटं घ्यायची नाही. "कडंचं ताट उगंच माजतं. त्येला शेजारी नसतो. मधलं ताट गर्दीत वाढतंय, तरी त्येचं कणीस भरलं तर त्ये खरं."

चार एकराला सोळा-सतरा किलो बी लागतं. म्हणजे अडीचशे-तीनशे कणसं. तेवढ्या चिंध्यांना एक अख्खं लुगडं लागायचं. आईची लुगडी अशीच संपायची. अंगावर विटायची, मग गोधडीला जायची नाहीत, रानात जायची.

काढणीच्या दिवशी चिंधीची ताटं तेवढी शेवटपर्यंत उभी ठेवायची, बाकीचं रान उपटायचं. मग ती स्वतः विळ्यानं ती कणसं कापून वेगळी आणायची, अंगणात वाळवायची, काठीनं हलकी बडवायची. यंत्राच्या तोंडात बियाणाचं कणीस कधी गेलं नाही. दाणे उफणून, गोवरीच्या राखेत घोळून, मध्ये कडुलिंबाचा पाला घालून डेऱ्यात भरायचे आणि डेऱ्याचं तोंड शेणामातीनं लिंपायचं. ते लिंपण पेरणीच्या आदल्या दिवशी फुटायचं.

आणि ह्या सगळ्यातून एक मूठ ती बाजूला काढायची. एका फडक्यात बांधून उतरंडीच्या मधल्या मडक्यात ठेवायची. पेरणी संपली, बी पुरलं, की त्या मुठीच्या कण्या करायची. गूळ घालून मऊ शिजवायची आणि गल्लीत जे सगळ्यांत लहान खातं पोर असेल त्याला नेऊन भरवायची. कुणाचंही असो. आम्ही लहानपणी वाटी चाटायला मागं लागायचो, तर हाताला चापट बसायची. हा नवस आहे असं आम्ही समजत होतो. कुठल्या देवाचा, ते आम्ही विचारलं नाही. आईच्या बऱ्याच गोष्टी अशा होत्या की त्या तशाच असतात.

आई गेली त्या दिवशी आमची चार एकर ज्वारी रानात उभी होती. दाणा कडक झालेला. सुतक चालू, घरात माणसं, रानाकडं कोण बघणार? पाचव्या दिवशी आभाळ भरून आलं. 2014 च्या गारपिटीची आठवण सगळ्यांना होती. तेव्हा उभी पिकं एका दुपारीत झोडपली गेली होती. धाकटा ओसरीवर बसून नुसता आभाळाकडं बघत होता. बोलत काहीच नव्हता.

सहाव्या दिवशी सकाळी उठून बघतो तर रानात वीस-पंचवीस माणसं. आम्ही कुणाला बोलावलं नव्हतं. शेजारच्या वस्तीवरची, भावकीतली, आणि ज्यांच्याशी आप्पांचा बांधावरून जन्मभर वाद चालला त्या घरातलीही दोन पोरं. बायका पदर खोचून ओळीनं ताटं उपटत होत्या. पुरुष पेंढ्या बांधत होते. त्यांची भाकरी त्यांनीच आणलेली. आमच्याकडून त्यांनी पाण्याची घागरसुद्धा घेतली नाही. सुतकाच्या घरचं घ्यायचं नसतं म्हणून, आणि आम्हाला उठावं लागू नये म्हणूनही.

दुपारी मी आणि धाकटा बांधावर गेलो. रान जवळजवळ मोकळं झालं होतं. पेंढ्यांच्या रांगा पडल्या होत्या. आणि त्या उघड्या काळ्या रानात जागोजाग एकेक ताट उभं होतं. प्रत्येकाच्या कमरेला चिंधी. हिरव्या काठाचं तिचं जांभळं लुगडं होतं ते. आप्पांच्या नंतर ती गडद नेसत नव्हती, म्हणून ते ठेवणीत पडलेलं. इतके दिवस पिकाच्या गर्दीत त्या चिंध्या कुणाला दिसल्या नव्हत्या. आता अडीचशेच्या वर ताटं वाऱ्यात डुलत होती.

एक बाई आम्हाला बघून जवळ आली. म्हणाली, "काकूनं बियाणाचं बांधून ठिवलंय बगा. पोरींना सांगून ठिवलंय म्या, चिंधीच्या ताटाला हात लावायचा न्हाई. आता घरातल्या बाईनं यिऊन कापायचं त्ये."

म्हणजे शेवटच्या दोन-तीन दिवसांत ती तेच करत होती. खुरप्याची माती तिथलीच.

धाकटा बांधावर खाली बसला आणि गेल्या सहा दिवसांत पहिल्यांदा मोठ्यानं रडला. त्याला उठवायला कुणी गेलं नाही. बायका तशाच उपटत राहिल्या. फक्त त्यांचं बोलणं थांबलं.

आक्का, म्हणजे आमची थोरली बहीण, आणि भावजय अशा दोघी दुसऱ्या दिवशी विळे घेऊन गेल्या. सुतकात बियाणाला हात लावावा का, असं कुणीतरी म्हणालं. त्यावर आमची आत्या म्हणाली, "बी काय परकं हाय? त्येला बी सुतक हायच की."

दहाव्याला ओढ्याच्या काठी पिंड ठेवले. आमच्याकडं अशा वेळी माणसं तास-तास बसून राहतात. कावळा शिवत नाही, मग एकेक जण पुढं होऊन कबूल करायला लागतो. धाकटीचं लग्न लावून देऊ, सोसायटीचं कर्ज फेडू, म्हशीकडं बघू. आप्पांच्या वेळी ऊन डोक्यावर आलं होतं. आईच्या वेळी आम्ही पिंड ठेवून दहा पावलं मागं सरतोय तोच कावळे उतरले. एक नाही, तीन. बसलेली माणसं हात जोडून उठली. "सुटली म्हातारी," कुणीतरी म्हणालं, "कशातच आशा ठिवली न्हाई." ते चांगल्या मनानंच म्हणाले. कावळा पटकन शिवणं भाग्याचं समजतात.

पण रात्री आक्का मला म्हणाली, "कशातच न्हाई? आमच्यात बी न्हाई?"

आक्काचं आईशी जुनं भांडण होतं. आम्ही दोघं भाऊ शिकलो. तिला चौथीतून काढून घरी बसवलं, धाकट्याला सांभाळायला. पुढं सतराव्या वर्षी लग्न लावून सांगोल्याच्या बाजूला दिलं. तिला अक्षर चांगलं होतं. अजूनही ती किराणा दुकानाच्या वहीत आपला हिशोब स्वतः लिहिते. माहेरी आली की कशावरून तरी विषय निघायचा आणि ती म्हणायची, "माझ्यापायी काय केलंस तू?" आई उत्तर द्यायची नाही. कामाला लागायची. आता कावळ्यानं आक्काला तेच उत्तर दिलं होतं, असं तिला वाटलं असावं.

तेराव्यानंतर पाहुणे पांगले. मागं राहिलो आम्ही तिघं, भावजय आणि आत्या. आत्या म्हणजे आप्पांची धाकटी बहीण, आईहून दोन वर्षांनी लहान. त्या दोघींचं नणंद-भावजयीपेक्षा मैत्रिणीचंच नातं. घर सारवायचं म्हणून बायकांनी उतरंड खाली घेतली. मडक्यावर मडकं अशी सात मडकी, सगळ्यांत वर झाकणाचं परळ. एकेका मडक्यातून राखेत पुरलेली गाठोडी निघायला लागली. लिंबाएवढी, आवळ्याएवढी. प्रत्येक गाठोडं वेगळ्या फडक्यात. कशावर काही लिहिलेलं नाही, आईला लिहिता येत नव्हतं. तिची ओळख फडक्यावरून आणि गाठीवरून होती. आप्पांच्या धोतराच्या तुकड्यात अमुक, माझ्या शाळेच्या खाकी चड्डीच्या खिशात तमुक.

आम्ही गाठी सोडून बी तळहातावर घेऊन ओळखायला लागलो. काही लगेच कळली. भोपळा, गवार, चवळी, अंबाडी. काहींवर वाद झाले. एका काळ्या बियांच्या गाठोड्याला मी दोडका म्हणालो, भावजय घोसाळी म्हणाली. आत्यानं बी दाताखाली धरून बघितलं आणि सांगितलं, "पेरा. उगवल्यावर कळंल." बारा दिवसांत त्या घरात कुणी हसलं नव्हतं. आत्याच्या तोंडाकडं बघून आम्ही हसलो आणि लगेच एकमेकांकडं बघून गप्प झालो.

मधल्या मडक्यात मुठीचं फडकं निघालं. गेल्या माघातली मूठ पेरणीनंतर कुणाला तरी भरवून झाली असणार, आणि ह्या सालची कणसं अजून बडवायची होती. म्हणून फडकं रिकामंच, घडी घालून ठेवलेलं. जुनं, मऊ पडलेलं, एका बाजूला बंद शिवलेला. भावजय म्हणाली, "हे कुंचीचं दिसतंय." लहान मुलाच्या डोक्याला घालतात ती कुंची. आत्यानं ते हातात घेतलं, उलटं करून बघितलं आणि आक्काला म्हणाली, "तुजी हाय ही."

मग आत्यानं सांगितलं ते असं.

आई लग्न होऊन 1970 साली ह्या घरात आली. पुढच्या साली आक्का झाली. त्या साली पाऊस अपुरा होता, आणि 1972 ला तर आलाच नाही. विहिरी आटल्या. जनावरं निम्म्या किमतीत गेली, काही तशीच सोडून दिली. सरकारी कामं निघाली, पाझर तलाव, नालाबांध, रस्त्याची खडी. रोजगार हमीचा कायदा पुढं 1977 मध्ये झाला, पण आमच्या भागानं हमीआधीची ती खडी आपल्या हातांनी फोडली आहे. आप्पा, आई आणि सोळा-सतरा वर्षांची आत्या तिघंही कामावर. आक्का झोळीत, बाभळीच्या डहाळीला टांगलेली. वाटपात सुकडी मिळायची, आणि परदेशातून आलेला मिलो, लाल रंगाचा, ज्वारीच्या जातीचा. त्याची भाकरी थापताना तुटायची, घशाखाली उतरायची नाही. मोठ्यांनी खाल्ली. आईचं दूध आटलं आणि आक्काला मिलो पचेना. सुकडीनंही ढाळ लागायचे. पोर वाळत चाललं होतं.

घरात पांढरी ज्वारी होती. बियाणाची. आज्जीनं, म्हणजे आप्पांच्या आईनं, डेऱ्यात भरून तोंड लिंपून ठेवलेली. तिला हात लावायची बिशाद नव्हती. आज्जीचा एक ठरलेला शब्द होता. मंगळवेढ्याच्या दामाजीपंतांनी दुष्काळात बादशहाचं धान्याचं कोठार गोरगरिबांना लुटवलं, ही गोष्ट आमच्याकडं पोरासोरांना माहीत असते. आज्जी म्हणायची, "दामाजीनं कोठार लुटवलं, पर बियाणं न्हाई लुटवलं." हे कुठल्या पोथीत आहे, ते ती सांगायची नाही. बी खाल्लं की दुष्काळ गेल्यावरही दुष्काळच, एवढंच तिचं म्हणणं.

एका रात्री सगळे झोपल्यावर आई उठली. डेऱ्याचं लिंपण कडेनं सोडवून तिनं एक मूठ काढली. जात्यावर दळलं असतं तर घर जागं झालं असतं. म्हणून दाणे ओल्या फडक्यात घेऊन पाट्यावर वरवंट्यानं, आवाज न करता, दाब देऊन चुरले. फुंकर घालून चूल पेटवली. पातळ कण्या शिजवल्या आणि अंधारात आक्काला बोटानं चाटवल्या. मग ओल्या मातीनं डेऱ्याचं तोंड परत लिंपलं. असं सात रात्री. सात मुठी. आत्या शेजारच्या गोधडीत जागी होती. तिला कण्यांचा वास यायचा आणि तोंडाला पाणी सुटायचं. ती हलली नाही. आठव्या दिवशी आक्काचे ढाळ थांबलेले होते. पोर हसलं.

"आनि आज्जीला कळलं न्हाई?" धाकट्यानं विचारलं.

"कळलं न्हाई कसं? म्हातारीला झोप व्हती कुटं? रोज पहाटं उठून ती डेऱ्याजवळ जायची. तुज्या आईचं लिंपण अंदारातलं, आवघडलेल्या हाताचं. बोटं उमटलेली दिसायची. म्हातारी पान्याचा हात घिऊन त्ये सारकं करायची. म्या बगितलंय. सातीच्या साती दिस. बोलली मातर न्हाई."

1973 ला पाऊस झाला. हस्तात पेरणी निघाली. चाड्यावर मूठ आईचीच होती. शेवटी बांधाकडं दोन तासं राहिली आणि बी संपलं. चाडं रिकामं झालं ते सगळ्यांच्या आधी तिच्या मुठीला कळलं असणार. ती तिथंच उभी राहिली. आप्पांनी औत थांबवलं. आज्जी बांधावर बसली होती, मांडीवर आक्का. ती म्हणाली, "ऱ्हाऊ द्या तेवढं. पाखरानं खाल्लं तेवढं." आणि मांडीवरच्या पोरीची कुंची सारखी केली.

त्या रात्री आज्जीनं आईला एवढंच सांगितलं, की ह्याच्यापुढं बी बांधताना एक मूठ वेगळी बांधत जा. बियाणाला हात घालायची पाळी परत कुणावर येऊ नये. आणि ती वेळ नाही आली, तर ती मूठ लेकराचीच. आई चाळीसहून जास्त माघ ती मूठ बांधत राहिली. फडकं तेच.

आत्या बोलायची थांबली. आक्का बराच वेळ कुंची मांडीवर घेऊन बसली होती. मग म्हणाली, "मला का न्हाई सांगितलं तिनं? जल्मभर भांडले मी तिच्याशी."

"सांगायचं काय त्यात?" आत्या म्हणाली. "लेकराला खायाला घातलं, ह्ये काय सांगायचं आसतं व्हय?"

थोड्या वेळानं आत्याच पुढं म्हणाली, "शाळंचं तुजं खरं हाय. त्ये तिला बी कळत व्हतं. त्येचं आनि ह्येचं काय येकात येक न्हाई." आक्कानं मान हलवली. मला आत्याचं हे बोलणं फार मोलाचं वाटतं. गेलेल्या माणसाची एक चांगली गोष्ट कळली म्हणून तिनं आक्काची तक्रार खोटी ठरवली नाही. दोन्ही गोष्टी त्या घरात घडल्या होत्या. दोन्ही तशाच राहिल्या.

मृगात परसात गाठोड्यांमधलं बी टोकलं. ती काळी बी उगवून वर चढली, तिला फळं लागली तेव्हा कळलं की ती घोसाळी. भावजय बरोबर होती. एका गाठोड्यातलं काहीच उगवलं नाही. ते कशाचं होतं, ते आता कळायचं नाही.

हस्तात पाऊस चांगला झाला. पेरणीच्या आदल्या दिवशी आक्का सांगोल्याहून आली. काणी पडू नये म्हणून बियाला गंधक चोळायचं काम आईचं असायचं, ते तिनं केलं. मूठ तिनं आधीच कुंचीत बांधून ठेवली होती. तिची गाठ आईसारखी बसत नव्हती, दोनदा सुटली. ट्रॅक्टरवाल्यानं दुपारपर्यंत चार एकर उरकलं. आक्का बांधावर उभी राहून शेवटच्या तासाकडं बघत होती. यंत्राच्या पेटीत अजून पायलीच्या तळाएवढं बी शिल्लक होतं. पुरलं.

मग तिनं कण्या शिजवल्या. पाट्यावर चुरल्या. घरात मिक्सर होता, भावजयीनं काढूनही दिला होता. गल्लीत सगळ्यांत लहान खातं पोर कुठं आहे, याची चौकशी झाली. शाळेमागच्या खोलीत नवं बिऱ्हाड आलं होतं, मजुरीवर जाणारं. त्यांची दहा-अकरा महिन्यांची मुलगी. आक्का वाटी घेऊन गेली, मीही मागं गेलो. त्या बाईनं विचारलं, "कशाचं हाय हे? कुणाची तिथ हाय का?"

आक्का म्हणाली, "तिथीचं न्हाई. बियाणाचं हाय."

तेवढ्यावर त्या बाईचं समाधान झालं. तिनं मुलीला आक्काच्या मांडीवर दिलं. मुलीनं पहिला घास थुंकला, दुसरा गिळला, आणि मग वाटीकडं हात करायला लागली.

तेव्हापासून हे चालू आहे. माघात आक्का आठ दिवस येते. ती आणि भावजय दोघी चिंध्या घेऊन रानात शिरतात. कडेची ताटं घेत नाहीत. दोघींचं जमतं असं नाही. एकीला जाड ताट आवडतं, दुसरीला गच्च कणीस. रानातून त्यांच्या वादाचे आवाज बांधापर्यंत येतात. सोलापुरात माणसं मला विचारतात, गावाकडं आता काय राहिलंय तुमचं? मी ज्वारीचं सांगतो.

आई गेली तेव्हा तिच्या पेटीत पाच लुगडी होती. एका माघाला एक जातं. शेवटचं फाडायला घेतलं त्या दिवशी भावजयीनं ते दोनदा घडी उलगडून परत घातलं. मग काठ धरून टरकन फाडलं. संध्याकाळी भाकरी थापता थापता ती आक्काला म्हणाली, "पुढच्या वर्साला माजी निळी साडी काढते. सुती हाय. गाठ चांगली बसंल."